छापण्यास हरकत नाही

जेवणाच्या टेबलावर कागद पसरून सुनेने त्यावर शेवटचा सर्किट बोर्ड ठेवला, तेव्हा सासरे समोरच्या खुर्चीत शब्दकोडं सोडवत बसले होते. बोर्ड तळहाताएवढा होता. त्याच्या शेजारी तसेच आणखी दोन होते, पण त्यांत आता काही राम नव्हता. एक शुक्रवारी गेला होता, दुसरा काल.

ती श्वासाची यंत्रं बनवणाऱ्या कंपनीत होती. कुण्या दुरुस्तीवाल्याने एका रुग्णाच्या घरच्या यंत्रात आपलाच प्रोग्रॅम घुसडला आणि धोक्याची घंटा बंद पडली. रुग्ण थोडक्यात वाचला. तेव्हापासून तिने साहेबांच्या मागे टुमणं लावलं होतं, की यंत्र सुरू होतानाच चिपने प्रोग्रॅमवरची कंपनीची सही तपासावी आणि सही नसेल तर जागचं हलू नये. त्यासाठी सही ओळखायची खूण चिपमध्ये जाळून, म्हणजे कायमची कोरून, ठेवावी लागते. चौसष्ट अक्षरं-आकडे, तेही एकदाच. चुकलं तर बोर्डाचा दगड. साहेबांनी तीन बोर्ड दिले आणि बजावलं, की तिसराही गेला तर यंत्रं या कुलपाविनाच बाजारात जातील.

पहिल्यात तिने खूण सरळ जाळली. बोर्ड मेला. मग चिपच्या पुस्तिकेत पाहिलं तर नमुन्यातली खूण उलटी दिसली, म्हणून दुसऱ्यात तिने अख्खी ओळ शेवटापासून उलटी जाळली. तोही मेला. आता तिसऱ्याला हात लावायचा धीर होईना. हे सगळं तिने सासऱ्यांना सांगितलं ते सल्ला हवा म्हणून नव्हे, कुणाजवळ तरी मन मोकळं करायचं म्हणून.

सासरे चाळीस वर्षं छापखान्यात मुद्रितशोधक होते. छापखाना बंद पडल्यापासून त्यांच्या नजरेखालून औषधांच्या वेष्टनांपलीकडे फारसं काही जात नव्हतं. त्यांनी कोडं बाजूला ठेवलं.

"तो नमुना कुणाबरोबर वाचलास?"

"एकटीनेच, बाबा."

"मग वाचलाच नाहीस."

त्यांनी खणातून लाल पेन्सिल आणि पट्टी काढली. पुस्तिकेत वर मूळ खूण होती आणि खाली तीच खूण चिपमध्ये कशी बसते ते दाखवलं होतं. वरची ओळ तिने दोन-दोन अक्षरं करत मोठ्याने वाचायची, खालची ते बघणार. अर्थ लावायचा नाही, असं त्यांनी दटावलं. अर्थ लावला की डोळे थापा मारतात.

चार जोड्या झाल्या आणि त्या खाली उलट क्रमाने सापडल्या. तेवढं मला ठाऊक आहे, म्हणत ती पुस्तिका मिटायला लागली. त्यांनी पानावर पट्टी दाबून धरली आणि तिला पुढे वाचायला लावलं. आठव्या जोडीला पेन्सिल थांबली.

"ओळ उलटी नाही गं. चार-चार जोड्यांचे डबे केलेत. डब्याच्या आतलं तेवढं उलटं, डबे आपापल्या जागी."

तिने पाहिलं. समोरच पानावर होतं, गेले तीन दिवस. तिला स्वतःच्या थोबाडीत मारून घ्यावंसं वाटलं.

कंपनीची खूण तिने तशीच डबे पाडून लिहून काढली. दोघांनी ती दोनदा वाचली, दुसऱ्यांदा जागा बदलून. मग तिने लॅपटॉपवर खूण जाळायच्या बटणावर बोट नेलं आणि ते तिथेच राहिलं.

सासऱ्यांनी कागद ओढून घेतला. खाली लाल पेन्सिलीने, छापखान्यात शेवटच्या प्रुफावर लिहीत तसं, लिहिलं, 'छापण्यास हरकत नाही', आणि सही केली. तारीख घालायलाही ते विसरले नाहीत. यात थट्टा अजिबात नव्हती.

तिने बटण दाबलं. कंपनीची सही असलेला प्रोग्रॅम बोर्डात घातला. हिरवा दिवा लागला आणि तिचे डोळे भरून आले.

पण ती थांबली नाही. स्वतः लिहिलेला दुसरा प्रोग्रॅम तिने सही न करताच आत घातला. दिवा विझला. सासऱ्यांचा चेहरा उतरला.

"गेला?"

"नाही बाबा, अडून बसलाय. सही नाही ना. प्रोग्रॅम मीच लिहिलाय, पण बोर्ड मलाही जुमानत नाही."

सासरे त्या विझलेल्या दिव्याकडे कौतुकाने बघत राहिले. "आमचं मशीनही असंच," ते म्हणाले. "प्रुफावर माझी सही नसली, तर मालक येऊन उभा राहिला तरी हलायचं नाही."

तिने सहीचा प्रोग्रॅम परत घातला आणि दिवा पुन्हा लागला. सासऱ्यांनी पट्टी खणात ठेवली. लाल पेन्सिल मात्र सदऱ्याच्या खिशाला लावली.