गुणाबाईचं गोंदण

माझी नात अक्षरा मोबाईलवर भुताटकीचा गेम खेळत होती. अंतराळयानातले सगळे मेलेले, आणि शेवटचं दार उघडायला एक तुटलेला हात हुडकायचा. तो सापडला. मनगटावर हिरवं गोंदण होतं: शेषेराव.

“आबा, हे तर तुमचं नाव.”

भाकरी थापणाऱ्या माझ्या बायकोनं, गुणाबाईनं, हाताचं पीठ धुतलं. चाळीस वर्षं मनगटावर मिरवलेलं माझं नाव तिथं नव्हतं.

“मेल्यावर बाईसंगं गोंदण तेवढं जातंय म्हणतेत,” ती म्हणाली. “माझं आधीच पुढं गेलं की. अक्षराबाई, त्यो हात दाराला लावू नको.”

तीन वर्षं झाली, गेम तिथंच थांबवलाय. मोबाईल कायम चार्जिंगला. खोटं वाटत असेल तर निलंग्याला या, गुणाबाई गरम भाकरी वाढील. पण लवकर या. काल बॅटरी फुगलेली दिसली.