मावशीचे दोन शब्द

मुलाने सासुरवाडीला सांगून ठेवलं होतं, आई लहानपणीच वारली. आई इस्पितळात चादरी धुते, हे सांगायची त्याला लाज वाटली होती. स्वागतसमारंभाला तिला बोलावलं ते मावशी म्हणून. "आई, आता मागे फिरता येत नाही गं," तो म्हणाला होता. लेकाला नवरदेव झालेला बघायचं म्हणून तिने तेही गिळलं. पण ऐनवेळी व्याहीच म्हणाले, "मावशी, आईच्या जागी तुम्हीच दोन शब्द बोला." सोड्याने भेगाळलेल्या बोटांत तिने माइक धरला. "हा अंधाराला भ्यायचा. मग याची आई चादरीचा तंबू करून आत याला कुशीत घेऊन बसायची. आज ती असती तर..." तिने माइक व्याह्यांच्या हातात दिला. टाळ्या झाल्या. सुनेने डोळे पुसत विचारलं, "त्या खूप लवकर गेल्या ना, मावशी?" मुलगा बूट न्याहाळत राहिला. "सुटली बिचारी," ती म्हणाली.