त्यांच्या पश्चात

निनादची मुंज दुबईतल्या अल कुसैसच्या फ्लॅटवरच उरकली, त्या वर्षीची, म्हणजे २००२ सालची गोष्ट. मुंजीची आरास उतरल्यावर त्याच भिंतीवर थोरल्या अस्मिताने आणि तिच्या आर्ट कॉलेजच्या मैत्रिणींनी डेलियाची चित्रे लावली. डेलिया म्हणजे अमेरिकेतली एक दिवंगत कृष्णवर्णीय कवयित्री. तिने बाईवर प्रेम केले आणि ते कवितेत उघड लिहिले. आई-मावश्यांसाठी खाली मराठीत ओळख होती. शेवटची ओळ होती, ‘त्यांच्या पश्चात जोडीदार रूथ आहेत.’

राजननी मार्कर उचलला. “जोडीदार नको, मैत्रीण लिहू. चार लोक येणार बघायला. आपण व्हिसावर राहतो इथे.”

“बाबा, दॅट्स द होल पॉइंट.”

स्वयंपाकाच्या तानुबाई पोळ्या आटपून बाहेर आल्या. अक्षरे त्या पंचावन्नाव्या वर्षी अस्मिताकडूनच शिकल्या होत्या. बोट ठेवून त्यांनी ओळ दोनदा वाचली.

“राहू द्या साहेब. नुसती मैत्रीण म्हटलं, की मागं राहिलेलीला कोणी भेटायलासुद्धा येत नाही.”

“तुम्हाला हो काय ठाऊक त्यातलं?” राजन हसले.

तानुबाईंनी अस्मिताकडून कोरे कार्ड मागून घेतले, जमिनीवर बसून सावकाश लिहिले आणि डेलियाच्या शेजारी चिकटवले. राजननी ते वाचले आणि मार्करला टोपण लावले.

‘हौसाबाई, मुक्काम कुडाळ, २ फेब्रुवारी १९९८ ला वारल्या. त्यांच्या पश्चात तानुबाई आहे.’