वर केलेला हात

जिल्हा परिषदेच्या सभेत अध्यक्षांनी विषय वाचला: डोंगरपाड्याला मंजूर झालेला दवाखाना आता अध्यक्षांच्या गावी हलवायचा. डोंगरपाड्यातून निवडून आलेली जिजा वळवी विरोधाला उठणार, तोच शेजारी बसलेले पक्षनेते पुटपुटले, "ताई, ठरावाला एकच मत कमी पडतंय. हात वर करा, आरोग्य सभापतिपद तुमचंच."

जिजाने क्षणभर डोळे मिटले आणि हात वर केला.

सभापती झाल्यावर ती सरकारी गाडीतून पहिल्यांदाच पाड्याकडे निघाली. घाटात माणसं खांद्यावर झोळी घेऊन उतरताना दिसली. झोळीत तिच्या चुलतभावाची बायको कळांनी विव्हळत होती. जिजाने तिला गाडीत घेतलं आणि ड्रायव्हरला तालुक्याकडे परत फिरायला सांगितलं. बाळ वाटेतच जन्मलं, पण रडलं नाही.

तालुक्याच्या दवाखान्याच्या पायरीवर भाऊ तिच्या पाया पडला. "जिजाताई, तू सभापती झालीस, गाडी मिळाली, म्हणून माझी बायको तरी वाचली."

जिजाने पाय मागे घेतले.

"आपल्या पाड्यावर दवाखाना कधी होईल गं?" त्याने डोळे पुसत विचारलं.

"प्रयत्न चालू आहेत," ती म्हणाली.