न पटणारं पात्र

"टेबलं भिंतीला लावा," न्यायाधीश म्हणाले, "आणि मुलीला करू द्या."

शिपायाने टेबलं सरकवली. फायलींचे गठ्ठे खिडकीत गेले. शाळांच्या एकपात्री स्पर्धेत मुलीचा दुसरा नंबर आला होता आणि तिच्या आईने निकालाला थेट कोर्टात आव्हान दिलं होतं. परीक्षकांचा शेरा होता, 'अभिनय उत्तम, पण पात्र अतिरंजित, न पटणारे.' त्या दिवशीच्या रेकॉर्डिंगमध्ये नुसती खरखर होती. तेव्हा आपणच बघू, असं न्यायाधीशांनी ठरवलं. त्यांच्याही नोकरीत करमणूक कमीच होती.

आई पुढच्या खुर्चीत सरसावून बसली. लेकीचा प्रयोग तीसुद्धा पहिल्यांदाच बघत होती. स्पर्धेच्या दिवशी ती आयोजकांच्या खोलीत भांडत होती. सुरुवातीला येणाऱ्याला मार्क कमी पडतात, चिठ्ठ्या पुन्हा काढा, असा तिचा हेका होता. भांडण संपलं तोवर लेकीचा प्रयोगही संपला होता. संहिता मुलीनेच लिहिली होती. आईने फक्त पानं पुरेशी आहेत ना, एवढं विचारलं होतं.

मुलगी मधोमध उभी राहिली. तिने बाह्या वर सारल्या, बोटाच्या पेराने नसलेला चष्मा वर ढकलला आणि ती एक बाई झाली. बाईची लेक तापाने फणफणली होती. पडद्यामागे तिला उलटी झाली. बाईने रुमालाने तिचं तोंड पुसलं आणि पुन्हा लिपस्टिक लावली.

"झालं? हस आता," बाई म्हणाली. "मला काय करायचाय तो कप? तुझ्यासाठीच जीव काढतेय मी."

शिपाई फिस्सकन हसला. पुढे मात्र कुणी हसेना. कप मिळाला आणि बाईची लेक स्टेजवरच कोसळली. बाईने कप तिच्या हातात नीट बसवला आणि मोबाइल काढला. "डोळे उघड गं. फोटोपुरते."

आईच्या वकिलाने चोरून अशिलाकडे पाहिलं. आईचं बोट चष्म्यावर होतं. तिने ते झटकन खाली घेतलं.

मुलगी थांबली. घामाने निथळत होती. न्यायाधीशांकडे तिचं लक्षच नव्हतं. ती आईकडे बघत होती, आणि त्या बघण्यात राग नव्हता, आशा होती. नंबराचं तिला काही पडलं नव्हतं. आईने एकदा हे बघावं, एवढ्यासाठीच तिने ते लिहिलं होतं.

न्यायाधीशांनी घसा खाकरला. "हे बघा बाई, सगळं एका गोष्टीवर अडलंय. हे पात्र खरं असेल, तर शेरा चुकीचा आणि पहिला नंबर तुमच्या मुलीचा. मला मूलबाळ नाही. तुम्ही आई आहात, तुम्हीच सांगा. पटतं हे?"

वकिलाने डोळ्यांनीच 'हो म्हणा' असं खुणावलं. एका शब्दाचं काम होतं. मुलीने श्वास रोखून धरला.

आई उठली. पर्स छातीशी घट्ट धरून, लेकीकडे न बघता ती म्हणाली,

"मी केस मागे घेते, साहेब. परीक्षकांचं बरोबर आहे. अशी कुठे आई असते का!"