गाण्यांच्या मधलं बोलणं

गाणं पुन्हा मध्येच तुटलं. स्पीकरमधून कुणीतरी खोकलं, दुसरा हसला, मग लांबून एक आवाज आला, "अगेन." ड्रमच्या काड्या वाजल्या आणि तेच गाणं पहिल्यापासून सुरू झालं.

"इतक्यांदा चुकून राह्यले, त्यायले कोनी रागावत नाही काय?" लालीबाईनं विचारलं.

पुष्पा हसली नाही. ती सासूच्या मांडीवरच्या बादलच्या ओठांकडे बघत होती. पोराला तिसरं सरत आलं, तोंडातून अजून एक शब्द नाही. दोन भाषांनी पोरगं गोंधळतं, घरात फक्त मराठी ठेवा, असं यवतमाळच्या डॉक्टरांनी सांगितलं होतं. तेव्हापासून ती सासूला याडी न म्हणता आई म्हणायची. आणि बंजाऱ्यांच्या गोरबोलीत बोलता बोलता जिची सकाळची दुपार व्हायची, ती लालीबाई आता नातवाला मांडीवर घेऊन ओठ मिटून बसायची.

तिचा नवरा संजय ट्रक घेऊन हैदराबादच्या बाजूला गेलेला. त्याच्या कॉलेजातल्या पेन ड्राइव्हवर एका जुन्या विलायती रॉक बँडची स्टुडिओतली रेकॉर्डिंगं होती. पुरी गाणी कमी, फसलेलीच जास्त. पुष्पाला गाण्यांचं काही नव्हतं. मधे मधे माणसं बोलायची, घर भरल्यासारखं वाटायचं, म्हणून ती दिवसभर लावून ठेवायची. ती इंग्रजी तिनं डॉक्टरांच्या दोन भाषांच्या हिशेबात धरलीच नव्हती.

"मी उद्या तांड्यावर जातो," लालीबाई म्हणाली. "तिथं कोंबड्यायशी तरी बोलता येते. इथं तं मीच मुकी होऊन राह्यलो."

"थोडे दिवस, आई. डॉक्टर म्हणले ना..."

गाणं तुटलं.

"अगेन," बादल म्हणाला.

स्पष्ट म्हणाला. स्पीकरमधला माणूस त्याच्यानंतर म्हणाला.

लालीबाईनं त्याचा चेहरा दोन्ही हातांत धरला. "बोलला वं. काय म्हणला?"

"पुन्हा, म्हणला."

"मराठीत?"

 पुष्पानं उठून स्पीकर बंद केला आणि बादलसमोर गुडघ्यांवर बसली.

"आई म्हण, राजा. आई."

तो तिच्याकडे बघेना.

"बरं, याडी म्हण. काहीही म्हण."

बादल आजीच्या मांडीवरून घसरला, दोघींच्या मधून रांगत गेला आणि बंद स्पीकरच्या जाळीला कान लावून बसला.