घट्ट वीण

"ही बघ तुझी करामत!" हेवरामावशीने स्वप्नचाळण विणकरीण यिल्माच्या पुढ्यात आपटली. उशाशी टांगायची ही चाळण जिवंत माणसांना स्वप्नात येऊ द्यायची आणि मेलेल्यांना बाहेरच अडवायची. खाडीकाठच्या घराघरांत यिल्मानेच विणलेली.

"माझ्या ओलिनची नाव वादळात सापडली, तेव्हापासून लेक एकदाही स्वप्नात आला नाही. फार घट्ट विणलीस गं, मेले!"

यिल्माने चाळण उजेडात धरून पाहिली. वीण अगदी बरोबर होती. तिने ती अलगद खाली ठेवली.

"आता का गप्प? तुझा नवराही त्याच नावेवर आहे ना? तो येतो का स्वप्नात?"

"येतो, मावशी. रोज येतो. चुलीपाशी हात शेकत बसतो."

"बघ! स्वतःची तेवढी नीट विणतेस!"

यिल्मा उठली. आपल्या उशाची चाळण सोडून आणली आणि म्हातारीच्या हातात ठेवली. "ही घेऊन जा. आज येईल तुझा लेक."

म्हातारी पुटपुटत, पण खुशीत घरी गेली.

यिल्मा स्वतःसाठी नवी चाळण विणायला बसली.



मधला एक धागा तिने याही वेळी मुद्दाम गाळला.